ब्लेंडर, फूड प्रोसेसर की मिक्सर? कामानुसार यंत्र निवडण्याची टप्प्याटप्प्याची पद्धत

ब्लेंडर निवडताना बहुतेकांची सुरुवातच उलट्या टोकाकडून होते. आधी वॅट पाहिले जातात, मग भांड्यांची संख्या, मग वेगाच्या पायऱ्या. आणि आपल्याला त्यात नेमके काय करायचे आहे हा प्रश्न यंत्र घरी येऊन पहिला पदार्थ बिघडल्यावर पडतो. कांदा चिरायला घेतला की त्याचे पाणी होते, सुकामेवा वाटायला घेतला की पाते नुसतेच गरगरत राहते, गरम सूप घुसळताना झाकण उडते. अशा वेळी दोष यंत्राच्या दर्जाला दिला जातो. प्रत्यक्षात यंत्र बहुधा ठीकच असते, पण त्याचा प्रकार त्या कामासाठी बनलेला नसतो.

म्हणून पुढील टप्पे दिलेल्या क्रमानेच घ्यावेत. आकडे आणि वैशिष्ट्ये यांचा विचार चौथ्या टप्प्यात येतो, आणि तो तिथेच यावा असे माझे ठाम मत आहे.

## टप्पा १: आधी कामे लिहून काढा

गेल्या महिन्याभरात स्वयंपाकघरात जे जे वाटले, घुसळले, चिरले, किसले, दळले किंवा मळले, ते एका कागदावर लिहा. ‘यंत्र असते तर केले असते’ अशी कामे वेगळ्या रकान्यात टाका आणि निवडीच्या वेळी त्यांना कमी वजन द्या. रोजच्या दोन कामांना चोख असलेले यंत्र वर्षानुवर्षे ओट्यावर राहते, तर कधीतरी लागतील अशा दहा कामांसाठी घेतलेले यंत्र कपाटात जाते.

आता प्रत्येक कामापुढे चार प्रश्नांची उत्तरे लिहा.

1. पदार्थात पाते बुडेल इतके पाणी, दूध, तेल किंवा अन्य द्रव आहे का?
2. शेवटी पोत कसा हवा: वेगवेगळे तुकडे, भरड, रवाळ, पूर्ण गुळगुळीत, की हवा धरलेला फेस?
3. एका वेळी किती प्रमाण करायचे आहे?
4. पदार्थ यंत्रात जाताना गरम असतो का?

पहिल्या दोन उत्तरांवरून यंत्राचा प्रकार ठरतो, तिसऱ्यावरून त्याचा आकार. चौथे उत्तर ‘हो’ असेल तर काही प्रकार सरळ बाद होतात. वाचक सर्वाधिक चुकतात ते दुसऱ्या प्रश्नात. ‘बारीक’ हा शब्द आपण दोन अगदी वेगळ्या गोष्टींसाठी वापरतो. कांदा बारीक चिरणे आणि कांदा बारीक वाटणे यांत तुकडा शाबूत राहतो की नाही हा मूलभूत फरक आहे, आणि ही दोन कामे दोन वेगळ्या यंत्रांची आहेत.

तपासणी: यादीतील किमान निम्म्या कामांपुढे ‘द्रव आहे’ असे उत्तर आले आहे का? आले नसेल, तर तुम्हाला बहुधा ब्लेंडर नको, फूड प्रोसेसर किंवा मिक्सर-ग्राइंडर हवा आहे.

## टप्पा २: पाते पदार्थाचे काय करते ते समजून घ्या

उभ्या भांड्याचा ब्लेंडर. या यंत्राचे भांडे उंच असते, तळाशी निमुळते असते आणि पाते अगदी तळाला असते. पाते फिरू लागले की द्रवात भोवरा तयार होतो. कडेने वर गेलेला पदार्थ मधोमध खाली ओढला जातो आणि पुन्हा पात्यावर येतो. या प्रकारात पदार्थ पात्याकडे स्वतःच येत राहिला पाहिजे, आणि द्रवाशिवाय तो येत नाही. पात्याचा वेग मिनिटाला साधारण १०,००० फेऱ्यांपासून २०,००० च्याही पुढे जातो, त्यामुळे भोवरा नीट चालू असेल तर पदार्थ अत्यंत गुळगुळीत होतो.

भोवरा तुटतो तेव्हा काय होते, हे एकदा जवळून पाहण्यासारखे आहे. मिश्रण फार घट्ट असेल तर पात्याभोवतीचा पदार्थ कडेला फेकला जातो, पण वरचा भाग खाली येत नाही आणि पात्याभोवती हवेची पोकळी तयार होते. त्याच क्षणी आवाज बदलतो: मघापर्यंतचा भरीव, जड आवाज एकदम हलका आणि उंच पट्टीतला होतो, कारण पात्याला आता काही अडथळाच उरलेला नसतो. वरून पाहिले तर पृष्ठभाग स्तब्ध दिसतो. अशा वेळी अनेक जण वेग वाढवतात, आणि त्याने पोकळी आणखी मोठी होते. योग्य उपाय म्हणजे यंत्र थांबवणे, पदार्थ कडेवरून खाली सारणे, दोन-तीन चमचे द्रव घालणे आणि कमी वेगाने पुन्हा सुरू करणे.

अतिवेगवान ब्लेंडर. तत्त्व वरचेच, पण मोटर आणि भांडे अधिक दणकट. पालेभाज्यांचे धागे, फळांच्या बारीक बिया, गोठवलेले तुकडे यांचा मागमूस राहत नाही. घर्षणाची उष्णता इतकी असते की काही मिनिटांत गार पदार्थही कोमट होतो. हाच गुण सूपसाठी उपयोगी पडतो आणि थंड पेयांसाठी अडचणीचा ठरतो.

फूड प्रोसेसर. याचे भांडे रुंद आणि उथळ असते, आणि इंग्रजी एस अक्षराच्या आकाराचे मोठे पाते जवळजवळ संपूर्ण तळ झाडून काढते. बऱ्याच यंत्रांत पात्याचा वेग मिनिटाला केवळ १,५०० ते २,००० फेऱ्यांच्या आसपास असतो. पदार्थाला पात्याकडे यावे लागत नाही, पातेच सगळीकडे पोचते. त्यामुळे द्रवाची गरज नसते. म्हणूनच तो चिरतो, भरड काढतो, पीठ आणि लोणी एकत्र कुस्करतो, चकतीचे पाते लावले तर किसतो आणि चकत्याही पाडतो. मात्र त्याच कारणाने त्यात सूप गुळगुळीत होत नाही. शिवाय भांड्याच्या मध्यभागी पोकळ खांब असल्याने द्रवाची पातळी ठरावीक रेषेच्या वर गेली की ते खांबावरून ओघळून बाहेर येते. भांड्यावर बहुधा दोन खुणा असतात, एक कोरड्या पदार्थांसाठी आणि दुसरी, बरीच खालची, द्रवासाठी. ही दुसरी खूण खरेदीच्या वेळी कोणीच पाहत नाही.

हँड ब्लेंडर. लांब दांडा, टोकाला घंटेसारखे आवरण आणि त्यात छोटे पाते. इथे पदार्थ भांड्यात ओतायचा नसतो, यंत्रच भांड्यात उतरवायचे असते. गरम सूप पातेल्यातच घुसळणे, डाळ एकजीव करणे आणि तेल-पाण्याचे घट्ट मिश्रण बांधणे ही त्याची हुकमी कामे होत. कोरडे दळणे, बर्फ फोडणे किंवा चिवट पदार्थ वाटणे त्याला जमत नाही.

मिक्सर-ग्राइंडर. उच्च वेगाची मोटर आणि वेगवेगळ्या कामांची वेगवेगळी भांडी, अशी याची रचना असते. भांडी धातूची, बुटकी आणि जाड पात्यांची असल्याने कमी पाण्यात ओले वाटण आणि पाण्याशिवाय कोरडी पूड ही कामे तो ब्लेंडरपेक्षा कितीतरी चांगली करतो. ओल्या आणि कोरड्या कामाची पाती एकसारखी नसतात. ‘भांडे कोणतेही चालेल’ ही समजूत पूड भरड राहण्याचे सर्वांत सामान्य कारण आहे.

उलट्या पेल्याचा छोटा ब्लेंडर. पेला भरायचा, पात्याचे झाकण लावायचे आणि उलटा करून यंत्रावर बसवायचा. एका माणसाच्या पेयाला तो सोयीचा आहे. पेला पूर्ण बंद असल्यामुळे वाफेला आणि दाबाला बाहेर पडायला वाटच नसते, हे मात्र पक्के लक्षात ठेवा.

इशारा: हँड ब्लेंडर आणि हँड मिक्सर ही दोन वेगळी यंत्रे आहेत. हँड मिक्सरला पाते नसते, दोन तारांचे घोटे असतात. तो फेस काढतो आणि मिसळतो, वाटत नाही. नाव जवळचे असल्यामुळे चुकीचे यंत्र मागवले जाते.

## टप्पा ३: कामासमोर यंत्र लिहा

आता पहिल्या टप्प्यातील यादी पुढे घ्या. सर्वाधिक चुका होणारी कामे मी सविस्तर घेतो.

सूप आणि गरम प्युरी. रोजच्या वापरासाठी हँड ब्लेंडर पुरेसा आहे आणि सुरक्षितही. पोत अगदी रेशमी हवा असेल तर उभा ब्लेंडर घ्यावा, पण गरम द्रवाचे सहाव्या टप्प्यातील नियम पाळून. तंतुमय भाज्या हँड ब्लेंडरने कितीही वेळ घुसळल्या तरी धागे राहतात. तिथे गाळणी वापरावी, यंत्र ताणू नये.

कांदा आणि अन्य भाज्या चिरणे. काम फूड प्रोसेसरचे. तुकडे सारख्या आकाराचे करून घाला, भांडे निम्म्याहून अधिक भरू नका, आणि एकेका सेकंदाचे झटके द्या, म्हणजे यंत्र क्षणभर चालवून लगेच थांबवा. सलग फिरवल्यास खालचा थर चिखल होतो आणि वरचे तुकडे तसेच राहतात. ब्लेंडरमध्ये कांद्याच्या पेशी मोठ्या प्रमाणात फुटतात, त्यामुळे पाणी सुटते आणि चव उग्र होते. प्रमाण एका कांद्याएवढे असेल तर सुरीच बरी, कारण यंत्र धुण्यातच अधिक वेळ जातो.

कोरडे मसाले. छोटा ग्राइंडर किंवा मिक्सरचे लहान कोरडे भांडे. मसाले भाजले असतील तर पूर्ण गार होऊ द्यावेत. गरम मसाल्याची वाफ भांड्यात धरते आणि पूड गोळे बांधते. १५ ते २० सेकंदांच्या फेऱ्यांत दळा, मध्ये भांडे हलवा, आणि झाकण उघडण्यापूर्वी पूड खाली बसू द्या. मोठ्या भांड्यात चार चमचे मसाला टाकला तर तो कडेला उडून बसतो आणि पाते हवेतच फिरते.

सुकामेवा. एकच कच्चा माल, पण हवा असलेला पोत दोन टोकांचा असू शकतो. पूड हवी असेल तर थंड सुकामेवा, लहान प्रमाण आणि छोटे झटके. पाककृतीत साखर किंवा पीठ असेल तर त्यातले थोडे सोबत घाला, ते सुटणारे तेल शोषून घेते. लोणी हवे असेल तर फूड प्रोसेसर घ्या आणि धीर धरा. आधी भरड होते, मग पिठूळ होते, मग सगळ्याचा घट्ट गोळा होऊन तो भांड्यात आपटू लागतो आणि काम बिघडले असे वाटते. बिघडलेले नसते. यंत्राला विश्रांती देत, कडा खरवडत पुढे चालू ठेवले की तेल सुटते आणि गोळा चकचकीत, वाहता होतो. गोळ्याच्या टप्प्यावर घाबरून पाणी घालणे ही नेहमीची चूक आहे. पाणी घातल्यास मिश्रण सैल न होता आणखी आवळते.

मेयोनीजसारखी तेलाची मिश्रणे. हँड ब्लेंडर आणि त्याच्या घंटेपेक्षा किंचितच रुंद असे उभे, अरुंद भांडे. अंडे, आंबट आणि मीठ तळाशी, त्यावर तेल. थर वेगळे होईपर्यंत थांबा. घंटा थेट बलकावर टेकवा, यंत्र सुरू करा आणि हात अजिबात हलवू नका. तळाशी पांढरट पट्टे उठू लागतात आणि खालचा भाग घट्ट होतो. तसे दिसल्यावरच दांडा अगदी सावकाश वर घ्या, म्हणजे वरचे तेल थोडे थोडे आत ओढले जाते. रुंद वाडग्यात हे जमत नाही, कारण तेल एकदम पात्यावर येते आणि मिश्रण फुटते.

बर्फ आणि गोठवलेली फळे. उभा ब्लेंडर, पुरेशा द्रवासह, आणि तोही माहितीपुस्तिकेत बर्फाची परवानगी असेल तरच. गोठवलेली फळे पाच मिनिटे बाहेर ठेवली तरी मोटरवरचा ताण बराच कमी होतो.

कणीक आणि सैल पीठ. कणीक फूड प्रोसेसरमध्ये, मळण्याचे पाते लावून. घर्षणाने कणीक तापते, म्हणून गार पाणी वापरा; साधारण एका मिनिटात काम होते. ओतता येईल असे सैल पीठ ब्लेंडरमध्ये चांगले होते, पण गव्हाचे पीठ असेल तर गुठळ्या मोडल्या की लगेच थांबा. अधिक फिरवल्यास ग्लुटेन (गव्हातील चिवट प्रथिनांचे जाळे) तयार होऊन पदार्थ चिवट होतो. भिजवलेली कडधान्ये वाटायची असतील तर मिक्सर-ग्राइंडरचे ओले भांडे योग्य.

कच्चे मांस. तुकडे करून १५ ते २० मिनिटे फ्रीजरमध्ये घट्ट होऊ द्या, मग प्रोसेसरमध्ये झटके द्या. मऊ मांस चिरले न जाता लिबलिबीत होते.

यांपैकी कोणत्याच यंत्रात करू नये असे काही. उकडलेले बटाटे वेगवान पात्याखाली गेले की त्यांतील स्टार्च मोकळा होतो आणि मिश्रण डिंकासारखे चिकट होते. ते हाताच्या घोटणीनेच करावेत. अंड्याचा पांढरा भाग फेसण्यासाठी तारांचे घोटे हवेत, पाते नव्हे. फेटायची क्रीम ब्लेंडरमध्ये काही सेकंदांत फुटते आणि लोण्याकडे जाते.

तपासणी: यादीसमोर आता कोणते नाव सर्वाधिक वेळा आले आहे? तेच तुमचे मुख्य यंत्र. दोन नावे जवळपास सारखी आली असतील तर ‘सर्वकाही एकात’ असे संच घेण्यापेक्षा एक चांगले मुख्य यंत्र आणि एक साधा हँड ब्लेंडर ही जोडी मला अधिक भरवशाची वाटते. एकाच मोटरला सगळे जोडणाऱ्या संचात प्रोसेसरच्या भांड्यासाठी वेग कमी करणारी यंत्रणा नसेल, तर तिथे तुकडे न होता चिखल होतो.

## टप्पा ४: आता आकडे वाचा

वॅट हा आकडा यंत्र किती वीज घेते हे सांगतो. पात्यापर्यंत किती ताकद पोचते हे सांगत नाही. काही जाहिरातींत मोटर क्षणभर घेऊ शकते ती कमाल वीज छापलेली असते. तुलना करायची असेल तर यंत्राच्या तळाशी असलेल्या पाटीवरचा आकडा घ्या, खोक्यावरचा नव्हे. आणि तुलना एकाच प्रकारातल्या यंत्रांची करा. ६०० वॅटचा फूड प्रोसेसर आणि १,००० वॅटचा ब्लेंडर यांत ‘शक्तिशाली कोण’ हा प्रश्नच निरर्थक आहे.

वॅटपेक्षा महत्त्वाची असलेली माहिती त्याच पाटीवर किंवा पुस्तिकेत असते: यंत्र सलग किती वेळ चालवायचे. अनेक यंत्रांवर इंग्रजी के आणि बी ही अक्षरे व त्यांपुढे मिनिटांचा आकडा असतो; ती अल्पकाळ चालवण्याची मर्यादा असते. बऱ्याच हँड ब्लेंडरना ही मर्यादा १ मिनिटाची असते. दहा मिनिटांचे काम ज्याच्या यादीत रोज आहे, त्याने १ मिनिटाची मर्यादा असलेले यंत्र घेतले तर ते जळण्याची भीती असते.

भांड्याची क्षमता पाहताना कमाल खुणेइतकीच किमान मात्राही पाहा. दीड-दोन लिटरच्या भांड्यात एका माणसाचे वाटण पात्याच्या खालीच राहते. काच वास धरत नाही आणि ओरखडत नाही, पण जड असते. फ्रिजमधून काढलेल्या काचेच्या भांड्यात उकळते द्रव ओतल्यास ती तडकू शकते. प्लास्टिक हलके असते, मात्र कोरड्या मसाल्यांनी धुरकट होते आणि वास धरते. स्टील टिकाऊ आहे, पण आतले दिसत नाही, म्हणजे भोवरा चालू आहे की तुटला हे केवळ आवाजावरून ओळखावे लागते.

वेगाच्या पायऱ्या किती आहेत याला मी फारसे महत्त्व देत नाही. तीन वेग आणि झटक्याचे चांगले बटण पुरे. सर्वांत कमी वेग खरोखर कमी आहे का हे मात्र तपासावे, कारण गरम पदार्थाला तोच लागतो.

## टप्पा ५: घेण्यापूर्वी हाताळून पाहा

भांडे काढून त्याच्या तळाशी असलेले पाते बोटाने नव्हे, लाकडी चमच्याच्या दांड्याने फिरवा; ते खरखर न करता फिरले पाहिजे आणि वरखाली हलता कामा नये. झाकण बसवून भांडे आडवे धरा आणि ते ढिले होते का पाहा. झाकणाच्या मध्यावरची छोटी टोपी वेगळी निघते का, हे गरम पदार्थ करणाऱ्यांनी आवर्जून पाहावे. भांडे नीट न बसवता यंत्र सुरू होत असेल तर ते घेऊ नका. रबरी कडी, कपलर (मोटरची फिरकी पात्याला जोडणारा भाग) आणि पाते सुटे मिळते का, हे विचारून घ्या. यंत्राचे आयुष्य बहुतेक वेळा मोटरमुळे नव्हे, या छोट्या भागांमुळे संपते. ओट्यावरच्या कपाटाखाली यंत्र भांड्यासह मावते का, हे घरूनच मोजून जावे.

हँड ब्लेंडरचा दांडा धातूचा असावा आणि तो हातातल्या भागापासून सुटा होणारा असावा. बटण सतत दाबून धरावे लागते, म्हणून एका हातात तो दोन मिनिटे पेलून पाहा.

## टप्पा ६: भरण्याचा क्रम आणि गरम द्रव

उभ्या ब्लेंडरमध्ये आधी द्रव, मग पावडर आणि मऊ पदार्थ, मग पाने, आणि सर्वांत वर कडक किंवा गोठवलेले तुकडे. पात्याला सुरुवातीलाच द्रव मिळाला की भोवरा धरतो आणि वजनदार तुकडे पानांना खाली दाबतात. उलट्या पेल्यात क्रम नेमका उलटा: कडक पदार्थ आधी, द्रव शेवटी, कारण पेला उलटला की द्रव पात्यावर येते. ‘ब्लेंडर अडकतो’ या तक्रारींपैकी बऱ्याच तक्रारी केवळ क्रम सुधारल्याने मिटतात. सुरुवात नेहमी कमी वेगाने करा, आणि पदार्थ फिरू लागल्यावरच वेग वाढवा.

गरम द्रवासाठी पुढील क्रम काटेकोरपणे पाळा.

1. पातेले आचेवरून उतरवून ५ ते १० मिनिटे थांबा.
2. भांडे एक तृतीयांशच भरा, फार तर निम्मे. उरलेले दुसऱ्या फेरीत घ्या.
3. झाकणावरची मधली टोपी काढा आणि त्या भोकावर घडी घातलेले जाड फडके सैलसर ठेवा.
4. फडक्यावरून झाकण हाताने धरून सर्वांत कमी वेगाने सुरू करा.
5. उसळी शांत झाल्यावर हळूहळू वेग वाढवा.

यामागचे कारण समजले की नियम विसरला जात नाही. पाण्याची वाफ झाली की तिचे आकारमान सुमारे १,६०० पट होते. गरम सूप स्थिर असताना वाफ पृष्ठभागावरूनच सुटत असते. पाते फिरताच द्रवाचे असंख्य थेंब होतात, पृष्ठभाग एकदम प्रचंड वाढतो आणि भांड्यातली हवाही तापून फुगते. बंद झाकणाखाली हा दाब एका क्षणात तयार होतो आणि झाकणासह सूप अंगावर येते.

इशारा: उलट्या पेल्याच्या बंद ब्लेंडरमध्ये गरम किंवा कोमट द्रव कधीही घालू नका. गार पदार्थही त्यात एका मिनिटापेक्षा अधिक सलग फिरवू नका, कारण घर्षणाने तो तापतो आणि दाब वाढतो. पेला गरम लागला तर उघडण्यापूर्वी पूर्ण निवू द्या.

हँड ब्लेंडर वापरताना घंटा पूर्ण बुडाल्यावरच बटण दाबा आणि बाहेर काढण्यापूर्वी सोडा. ती तळाला चिकटून ओढ बसत असेल तर किंचित तिरकी धरा. न चिकटणाऱ्या थराच्या भांड्यात तो वापरू नये, थर खरवडतो. पात्यात काही अडकले तर आधी प्लग सॉकेटमधून काढा, मगच हात लावा. बटण हातातच असल्यामुळे चुकून दाबले जाणे अगदी सोपे असते.

## टप्पा ७: पहिल्या आठवड्यात चाचणी घ्या

यंत्र परत देण्याची मुदत संपण्यापूर्वी तुमच्या यादीतील सर्वांत अवघड दोन कामे त्यात करून पाहा. सोपी कामे सगळीच यंत्रे करतात. सुरुवातीला भांड्यात निम्मे पाणी घालून अर्धा मिनिट फिरवा आणि तळाखाली कोरडा कागद ठेवून गळती तपासा. पहिल्या एक-दोन वेळा नव्या मोटरला किंचित वास येऊ शकतो. धूर, ठिणग्या किंवा दर वेळी वाढत जाणारा वास मात्र दोषाचेच लक्षण समजावे.

यंत्र मध्येच बंद पडले तर ते जळाले असे लगेच समजू नका. अतिभाराने मोटर तापली की संरक्षक यंत्रणा वीज तोडते. प्लग काढा, भांड्यातील पदार्थ कमी करा, यंत्र निवू द्या आणि तळाशी लहान बटण असल्यास ते दाबून पुन्हा सुरू करा. हे वारंवार होत असेल तर काम त्या यंत्राच्या आवाक्याबाहेरचे आहे, आणि तिसऱ्या टप्प्यावर परत जाऊन निवड तपासली पाहिजे.

मोटरचा आवाज येतो पण पाते फिरत नाही, सोबत जळक्या रबराचा वास येतो, अशी स्थिती असेल तर बहुधा कपलर झिजलेला असतो. तो मुद्दाम मऊ बनवलेला असतो, म्हणजे पाते अडकले तर मोटरऐवजी तो तुटावा. भांड्याखाली काळपट ओल दिसली तर पात्याची रबरी कडी किंवा बेअरिंग गेले आहे. असे भांडे अन्नासाठी वापरणे थांबवा, कारण झिजलेल्या भागांचे कण पदार्थातही जाऊ शकतात, आणि पाणी मोटरमध्ये उतरण्याआधी तो भाग बदलून घ्या.

धुताना भांड्यात निम्मे कोमट पाणी आणि साबणाचा थेंब घालून अर्धा मिनिट फिरवणे रोजच्यासाठी ठीक आहे, पण रबरी कडीखाली अडकलेले अन्न त्याने निघत नाही. कडी निघणारी असेल तर ती दर काही दिवसांनी काढून धुवा, भांडे उपडे ठेवून पूर्ण वाळवा आणि कडी परत बसवताना ती खाचेत सगळीकडे सपाट बसली आहे की नाही हे बोट फिरवून पाहा.